खालून पहिलं बटण

टॅबलेट सोमवारी सकाळी पडला. अण्णांना बाथरूमकडे नेताना थोरलीने तो काखेत धरला होता, कारण दोन्ही हातांत अण्णा होते आणि तिसरा हात देवाने कुणालाच दिलेला नाही. तो निसटला, उंबऱ्यावर कोपऱ्याने आपटला आणि काचेवर जाळं पसरलं. आतला उजेड एकदा लुकलुकला आणि विझला. थोरलीने आधी अण्णांना नीट बसवलं, मग टॅबलेट उचलला. रडायला तिला वेळ नव्हता. साडेनऊला दुकानात पोचायचं होतं.

टॅबलेट म्हणजे अण्णांचं तोंड. चार वर्षांपूर्वी झटका आला तेव्हा त्यांचा उजवा हात गेला, उजवा पाय अर्धा गेला आणि बोलणं तर सगळंच गेलं. उरला एक हुंकार. ‘हं’ म्हणजे हो, ‘हं’ म्हणजे नाही, आणि ‘हं’ म्हणजे तुला काही अक्कल आहे का. अक्षरं वाचता येईनात. चित्रं दिसायची, पण ती कशाची ते कळायचं नाही. तेव्हा दवाखान्यातल्या एका बाईंनी टॅबलेटवर एक ॲप घालून दिलं. पडद्यावर बटणं, आणि बटण दाबलं की आपण आधी भरून ठेवलेलं वाक्य ते बोलणार. थोरलीने आपल्याच आवाजात आठ वाक्यं भरली आणि आठ बटणं वरून खाली लावून दिली. अण्णांनी दोन दिवस ‘हं हं’ करून वॉर्ड डोक्यावर घेतला.

तिसऱ्या दिवशी तिच्या डोक्यात उजेड पडला. अण्णा लिफ्ट मेकॅनिक होते, चौतीस वर्षं. बटण त्यांच्या लेखी डोळ्यांनी बघायची वस्तूच नव्हती. ते हाताला जागेवरून कळायचं, आणि लिफ्टमध्ये तळमजला तळाशी असतो. थोरलीने सगळी बटणं एका उभ्या रांगेत खालून वर लावली. सगळ्यात खाली घंटा, तिच्यावर पाणी, मग भूक, बाथरूम, दुखतंय, नको, बाहेर, आणि शेवटच्या मजल्यावर घर. अण्णांनी डावं बोट उचललं आणि न चुकता पाणी मागितलं. घराचं बटण खरं तर दवाखान्यातल्या दिवसांतलं: ‘मला घरी राहायचंय.’ घरी आल्यावर त्याचं काम संपलं होतं, पण अण्णांनी ते काढू दिलं नाही.

घंटेचं वाक्य होतं, ‘इथं माणूस अडकलंय. कुणाला तरी पाठवा.’ भरताना थोरलीला हसू आलं होतं आणि ते आवाजात तसंच राहून गेलं. लहानपणी जेवताना अण्णा दोन्ही पोरांना सांगायचे की घंटा वाजली की कोण, कसा, कुणाच्या चुकीने, हे सगळं नंतर. आधी निघायचं. पोचलं की बंद दारावर पान्याने तीनदा ठोकायचं. “दार उघडायला तास लागू दे,” ते म्हणायचे, “पण टकटक ऐकली की आतलं माणूस रडायचं थांबतं.” चार वर्षांत त्यांनी स्वतः घंटा एकदाही दाबली नव्हती. जन्मभर दुसऱ्यांना सोडवलेल्या माणसाला तो कमीपणा वाटत असावा.

आणि नेमक्या याच आठवड्यात, गुरुवारी अकराला, आजारी माणसांना ठेवून घेणाऱ्या देखभाल केंद्राच्या पाहणीवाल्या बाई यायच्या होत्या.

केंद्र ही धाकट्याची कल्पना. धाकटा म्हणजे थोरलीचा भाऊ, दुसऱ्या गावी राहणारा. माणूस वाईट नव्हता, पण उंटावरून शेळ्या हाकायची त्याला सवय होती. फोनवर तो म्हणायचा, “ताई, तू किती दिवस असं करणार? आरशात बघ स्वतःला.” बोलणं खरं होतं, म्हणून जास्त बोचायचं. त्याने केंद्राचा अर्ज भरून पाठवला होता. केंद्राचा नियम असा की ज्याला राहायचं त्याने स्वतः सांगितलं पाहिजे. त्याला सांगता येत नसेल, तर थोरल्या अपत्याची सही चालते. म्हणजे गुरुवारी अण्णांना तोंड नसलं, तर निकाल थोरलीच्या पेनात होता.

चष्म्याच्या दुकानामागच्या खोलीत ती काचा घासायचं काम करायची; तेवढा वेळ शेजारीण अण्णांकडे अधूनमधून डोकावून जायची. फिरत्या चाकावर काच धरायची, वर पाण्याची बारीक धार, आणि नखांत दिवसभर पांढरा लगदा. त्या सोमवारी तिने एक काच अर्ध्या मिलिमीटरने जास्त घासली. मालक काही बोलले नाहीत, नुसतं बघून गेले. बोलले असते तर बरं, असं तिला वाटलं.

दुपारच्या सुट्टीत ती मोबाइल दुरुस्त करणारीकडे गेली. सगळा बाजार तिला मोबाइलवाली म्हणायचा. कपाळावर भिंग चढवलेली, तिशीची, बोलायला फटकळ.

“मावशी, हा गेला,” मोबाइलवालीने टॅबलेट उघडून सांगितलं. “पण कार्ड शाबूत आहे. तुमचं ॲप, तुमचा आवाज, सगळं कार्डात आहे.”

“मग दुसऱ्या फोनवर घाल ना.”

घालून झालं. नवा फोन म्हणाला, हे ॲप माझ्यासाठी फार जुनं आहे. ॲप बनवणारे तर कधीच गाशा गुंडाळून गेले होते. दुसरी ॲपं पाहिली, त्यांत बटणं चार-चारच्या ओळींत यायची, उभी रांग एकातही नव्हती. अण्णांचा हात नव्या जागा शिकणार कधी, आणि गुरुवार तर दारात उभा.

“जुना फोन मिळत नाही, तर खोटा फोन करू,” मोबाइलवाली म्हणाली. “कॉम्प्युटरच्या पोटात जुना अँड्रॉइड चालवायचा. एम्युलेटर म्हणतात त्याला. घरी कॉम्प्युटर आहे?”

“भावाचा लॅपटॉप येईल. पण ऑफिसचा आहे. त्यावर काही बसवू देणार नाही तो.”

“बसवायचंच नाही. पोर्टेबल आहे हा, पेनड्राइव्हवरूनच चालतो. पाहुणा आला, बसला, उठून गेला, चादरीला सुरकुतीसुद्धा नाही.” तिने एक पेनड्राइव्ह भरून दिला आणि पायऱ्या जुन्या बिलाच्या पाठीवर लिहून दिल्या. वर म्हणाली, “आत दोन फोल्डर आहेत. आधी नवा चालवा. नाहीच चालला तर मला फोन करा.”

मंगळवारी संध्याकाळी धाकटा आला तो लॅपटॉप आणि सूचना दोन्ही घेऊनच. हे उघडायचं नाही, ते बदलायचं नाही, ऑफिसला सगळं कळतं. चहा होईपर्यंत तो अण्णांजवळ बसला, त्यांचा डावा हात हातात घेऊन. मग म्हणाला, “ताई, जुळलं तर ठीक. नाही जुळलं तर जिवाला लावून घेऊ नकोस. सही कर आणि मोकळी हो.” बोलून तो मित्राकडे मुक्कामाला गेला, कारण घरात तिसऱ्या माणसाला पाठ टेकायला जागा नव्हती.

बुधवारी थोरलीने अर्ध्या दिवसाची रजा टाकली. अण्णांना न्हाऊ घातलं, भरवलं, चादर बदलली, औषधं दिली आणि दहाला लॅपटॉपपुढे बसली. पेनड्राइव्हवरच्या फोल्डरला तिने कौतुकाने ‘अण्णा’ असं नाव दिलं. मग एम्युलेटर उघडला. काळी चौकट आली आणि गेली. पुन्हा उघडला. आली आणि गेली. असं बारा वेळा झाल्यावर तिने मोबाइलवालीला फोन लावला.

“फोल्डरचं नाव बदललंत का?”

“अण्णा ठेवलंय.”

“कुठल्या अक्षरांत?”

“आपल्याच. दुसऱ्या कुठल्या येतात मला?”

“त्याला आपली अक्षरं पचत नाहीत, मावशी. इंग्रजी ए लिहा एक, पुरे.”

अण्णांचा ए झाला आणि चौकट टिकली. मधोमध एक चाक फिरायला लागलं, खाली आकडे चढायला लागले. चाळीस. सत्तर. नव्व्याण्णव. तिथे जे घोडं अडलं ते अडलं. थोरलीने भांडी घासली, परत येऊन पाहिलं, नव्व्याण्णव. कपडे वाळत घातले, परत येऊन पाहिलं, नव्व्याण्णव. अण्णा खाटेवरून तिच्याकडे बघत होते. तहान लागली असेल, का पाठ दुखत असेल, का नुसतेच बघत असतील, ते कळायला मार्ग नव्हता. तिने पाणी नेलं. “हं,” अण्णा म्हणाले. तिने उशी सरकवली. “हं.” चौथ्या ‘हं’ला ती ओरडली, “मला नाही कळत, अण्णा. मला काही कळत नाही.”

मग ती स्वयंपाकघरात जाऊन उभी राहिली. त्या वेळी तिच्या मनात काय आलं ते झाकून ठेवण्यात अर्थ नाही. तिला वाटलं, राहू दे नव्व्याण्णववर. आपण जिवापाड प्रयत्न केला, शेजारणीलाही माहीत आहे, भावालाही माहीत आहे. उद्या सही करायची, परवा सलग आठ तास झोपायचं. कुणी बोट दाखवणार नाही. या विचाराने तिचे खांदे खरोखरच सैल पडले, इतकं बरं वाटलं तिला. आणि बरं वाटलं म्हणून तिला स्वतःचा भयंकर राग आला. त्या रागातच तिने पुन्हा फोन लावला.

“नव्व्याण्णववर बसला असेल,” मोबाइलवाली आपणहून म्हणाली. “ऑफिसच्या लॅपटॉपला एक कुलूप असतं, ते आपल्याला उघडता येत नाही. दुसरा फोल्डर घ्या. जुना एम्युलेटर आहे, त्याला कुलपाशी देणंघेणं नाही. बैलगाडी आहे, पण पोचते.”

बैलगाडी बुधवारी पोचली नाही. अण्णांचं जेवण आलं, मग दुकानातली उरलेली अर्धी पाळी आली, आणि संध्याकाळी थोरली अण्णांचे पाय चोळता चोळता बसल्या जागी झोपून गेली. गुरुवारी पूर्ण रजा टाकून, सकाळची कामं उरकून ती परत बसली. दुसरा फोल्डर उघडला. चौकट आली, अकरा मिनिटं काळीच राहिली, आणि मग लॅपटॉपच्या मधोमध एक उभा, अरुंद, जुनाट फोन उगवला. जुनं घड्याळ, जुनी चित्रं. थोरलीने बिलाच्या पाठीवरची पुढची पायरी वाचली. ॲपची फाइल माऊसने ओढून चौकटीत सोडली. थांबली. कार्डातला वाक्यांचा जुना साठा त्यात घातला. थांबली. ‘परत आणा’ दाबलं आणि थांबली.

अकराला दहा कमी असताना आठ बटणं आली, एकाखाली एक. तिने मधलंच एक दाबलं. काही नाही. सात-आठ सेकंदांनी लॅपटॉप तिच्याच आवाजात म्हणाला, ‘मला दुखतंय.’

खाटेवरच्या अण्णांनी मान वळवली. त्यांचा अर्धा चेहरा हसला. दारावरची बेल वाजली.

पाहणीवाल्या बाई पन्नाशीच्या, पायांत सपाट बूट, हातात जाड फाइल. दिवसाची ही तिसरी पाहणी असावी, कारण खुर्चीत बसताना त्यांनी कंबर धरली. त्यांच्या मागोमाग धाकटाही आला आणि दाराशी उभा राहिला. थोरलीने अण्णांना चाकाच्या खुर्चीत बसवलं, टेबलाशी आणलं आणि माऊस त्यांच्या डाव्या हाताखाली सरकवला. पडद्याला बोट लावून काही होणार नाही, हे तिने समजावलं. माऊस पुढे ढकलला की बाण वर, मागे ओढला की खाली. अण्णांनी तो दोनदा वर-खाली नेला आणि नवं यंत्र हाती आल्यावर काढायचे तसा घशातून आवाज काढला.

“हे त्यांचं बोलणं,” थोरली म्हणाली. “जरा उशिरा येतं, एवढंच.”

“मला घाई नाही,” बाई म्हणाल्या, घाई असलेल्या माणसाच्या चेहऱ्याने. मग अण्णांकडे वळल्या. “आजोबा, तुम्हाला कुठे राहावंसं वाटतं? इथे, का आमच्या केंद्रात? सावकाश सांगा.”

अण्णांनी विचार केला नाही. माऊस पुढे ढकलला, बाण पार वरच्या टोकाला नेला आणि दाबलं. सगळे थांबले. मग थोरलीचा चार वर्षांपूर्वीचा आवाज आला, हसू दाबलेला: ‘इथं माणूस अडकलंय. कुणाला तरी पाठवा.’

बाईंनी पेनाचं टोपण काढलं. धाकट्याने छातीतला श्वास सोडला. अण्णा मात्र पडद्याकडे बघत राहिले, मग त्यांनी तेच बटण पुन्हा दाबलं, आणि पुन्हा तेच वाक्य आलं. ते चिडले. “हं,” त्यांनी माऊस टेबलावर आपटला. “हं. हं.”

“कळलं, आजोबा, कळलं,” बाई हळू म्हणाल्या. “अस्वस्थ होऊ नका.” आणि लिहू लागल्या.

थोरलीने पडद्याकडे पाहिलं. घंटा वर होती. बटणं खालून वर लावताना तिने त्यांना तळमजल्यापासून आकडे दिले होते, घंटा एक, घर आठ. साठा परत आणताना ॲपने शहाणपणाने एक वर ठेवला होता आणि आठ खाली. अण्णांची अख्खी लिफ्ट उलटी टांगली होती. अण्णांनी घरच दाबलं होतं.

हे त्या खोलीत फक्त तिला आणि अण्णांना माहीत होतं, आणि अण्णांना बोलता येत नव्हतं. तिने काहीच करायची गरज नव्हती. सहीसुद्धा नको, नुसतं गप्प बसायचं. ती गप्प बसली. किती वेळ, ते तिला नंतरही सांगता आलं नसतं. बाईंची एक ओळ लिहून झाली आणि पेन दुसऱ्या ओळीवर गेलं, तेवढा वेळ. अण्णा तिच्याकडे बघत होते. ते रागावलेले नव्हते, घाबरले होते. आत अडकलेली माणसं दाराकडे अशीच बघत असतील.

“थांबा, मॅडम,” ती म्हणाली. “बटणांची पाटी उलटी लागलीय. ते जागेवरून दाबतात. त्यांनी हे नाही म्हटलं.”

“ताई,” धाकटा दारातून म्हणाला.

“तू मध्ये बोलू नकोस.”

बाईंनी चष्म्यावरून पाहिलं. “तुम्ही बटणं बदललीत आणि उत्तर बदललं, तर मी काय लिहायचं?”

“माझ्यावर विश्वास ठेवू नका. त्यांच्याकडे पाणी मागा.”

बाईंनी क्षणभर विचार केला. “आजोबा, समजा तुम्हाला तहान लागलीय. कसं सांगाल?”

अण्णांनी बाण खाली ओढला, तळापासून दुसऱ्या बटणावर आणला आणि दाबलं. ‘मला बाहेर न्या,’ लॅपटॉप म्हणाला.

“भूक?” बाईंनी विचारलं. अण्णा तळापासून तिसऱ्यावर गेले. ‘मला नको.’

बाईंनी पेनाला टोपण लावलं. “लावा नीट,” त्या म्हणाल्या. “मी बसते.”

बैलगाडीवर आठ बटणं हलवायला वीस मिनिटं लागली. एक बटण ओढायचं, सोडायचं, थांबायचं. थोरलीचं मनगट भरून आलं. बाईंनी चहा मागून घेतला आणि पाय लांब केले. धाकटा आत येऊन खाटेच्या कडेवर बसला. अण्णा सगळं डोळ्यांत तेल घालून बघत होते, आणि शेवटी घंटा तळाला बसली तेव्हा म्हणाले, “हं.” या ‘हं’चा अर्थ सगळ्यांना कळला.

बाईंनी प्रश्न पुन्हा विचारला, त्याच शब्दांत. अण्णांनी बाण वर नेला. ‘मला घरी राहायचंय,’ थोरलीचा आवाज म्हणाला.

म्हणजे संपलं. थोरलीला आनंद झाला, आणि त्या आनंदाला लागूनच उद्याची सकाळ दिसली, परवाची दिसली, पुढच्या सगळ्या सकाळी दिसल्या, उंबऱ्याशी दोन्ही हातांत अण्णा. तिने टेबलाची कड धरली. धाकट्याने मान खाली घातली. बाईंनी आधीची ओळ खोडून नवी लिहिली.

अण्णांचा हात अजून माऊसवर होता. त्यांनी तो मागे ओढला, सावकाश, एकेक मजला उतरत, पार तळापर्यंत. आणि दाबलं.

‘इथं माणूस अडकलंय. कुणाला तरी पाठवा.’

“माऊस घसरला,” थोरली घाईने म्हणाली. “मॅडम, हे नका लिहू, हात घसरला त्यांचा.”

अण्णांनी पुन्हा दाबलं. या वेळी ते पडद्याकडे बघतच नव्हते. ते थोरलीकडे बघत होते. सात-आठ सेकंद गेले आणि पुन्हा तो आवाज आला, तिचा स्वतःचा, ती दमायच्या आधीचा.

“हा आवाज कुणाचा आहे?” बाईंनी विचारलं.

“माझा,” थोरली म्हणाली.

“इथे मदतीला अजून कोण असतं?”

या प्रश्नाचं उत्तर खोलीत सगळ्यांना माहीत होतं. बाईंनी ते लिहून घेतलं. मग म्हणाल्या, केंद्राची एक बाई दिवसा घरीही येऊ शकते, आठवड्यातून चारदा, पण त्यासाठी घरच्यांनी मागावं लागतं, आणि या अर्जात ते कुणी मागितलेलंच नाही.

“मागतो,” धाकटा म्हणाला. तो अण्णांकडे बघत होता. “आणि शनिवार-रविवार मी येईन. राहायला. खाली झोपेन.”

“येशील?” थोरलीने विचारलं. तिचा विश्वास बसला नव्हता, आणि तो लपवायचं त्राणही तिच्यात नव्हतं.

“घंटा वाजली ना, ताई,” धाकटा म्हणाला.

त्यावर मात्र थोरलीचा बांध फुटला. नखांतल्या पांढऱ्या लगद्यासकट तिने दोन्ही हात तोंडावर घेतले आणि ती रडली, परक्या बाईसमोर, भावासमोर, आवाज करून. चार वर्षांचं होतं, लवकर थांबणार नव्हतं. बाईंनी फाइल मिटली आणि त्या खिडकीबाहेर बघत राहिल्या. धाकट्याला काय करावं ते सुचेना.

अण्णांनी डावा हात माऊसवरून काढला, मूठ वळली आणि टेबलावर तीनदा टकटक केली.